हळदोण्यातली बिनपाटीची बेकरी, पहाटे साडेचारची

आधी कामाचं सांगून टाकते, म्हणजे ज्यांना फक्त पत्ता आणि वेळ हवीय त्यांना खाली वाचत बसायला नको. गोव्यात म्हापशाहून हळदोण्याला या, गावात शिरलात की कुणालाही पोदेर, म्हणजे पाव करून विकणारा, कुठे राहतो म्हणून विचारा, लहान पोर पण नेऊन सोडेल. बेकरीला पाटी नाही, नाव नाही, मॅपवर पिन नाही. बाहेर जळाऊ लाकडाची थप्पी, भिंतीला टेकलेल्या चार सायकली आणि त्यांच्या कॅरियरवर निळ्या प्लास्टिकने झाकलेल्या मोठाल्या टोपल्या दिसल्या की पोचलात असं समजा. वेळ पहाटे साडेचार ते सहा, मग दुपारी तीन ते साडेचार. मी शेवटचं घेतलं तेव्हा पाव, उंडा, पोई, कात्रे सगळं पाच रुपये नग होतं, जीपे चालतं पण पहाटे तिथे नेटवर्क धड नसतं म्हणून सुटे न्या.

माझ्याकडून पाचपैकी पाच. आणि हे पाच नुसत्या पावाला नाहीत. पाव चांगलाच आहे, पण खरं सांगायचं तर गोव्यात तेवढा चांगला पाव अजून बऱ्याच गावांत मिळतो. मी पाच देतेय ते तिथल्या वासाला. हो, वासाला. त्या वासाने माझ्या बाबतीत काय केलं ते सांगितल्याशिवाय हा रिव्ह्यू लिहिण्यात अर्थ नाही, म्हणून जरा मागून सुरुवात करते.

2021 च्या एप्रिलमध्ये मला कोविड झाला, ताप चार दिवसांत गेला, आणि वास पण गेला. सगळ्यांचा जात होता म्हणून घाबरले नाही, पंधरा दिवसांत येईल म्हणाले. नाही आला. आणि दोन-तीन महिन्यांनी जो आला तो उलटा आला. कांदा परतला की जळक्या रबराचा वास, कॉफी म्हणजे गटार, फोडणी पडली की मी स्वयंपाकघरातून पळून जायचे. ज्या घरात फोडणीचा वास आला की पोरं ताटं घेऊन बसतात त्या घरात मी दार लावून बसायचे, दहीभात खायचे आणि तो पण थंडगार, कारण गरम केलं की वाफ आणि वाफ आली की वास. माणसं म्हणतात वासच ना, डोळे तर नाही ना गेले. ज्याचा गेलाय त्याला विचारा. आई जवळ येऊन बसली तरी ती आई वाटायची नाही, कारण तिच्या पदराचा वासच नव्हता. हे मी तेव्हा कुणाला बोलले पण नाही, बोलण्यासारखं वाटलंच नाही.

कान-नाक-घशाच्या डॉक्टरांनी सांगितलं की रोज दोन वेळा चार वास घ्या, गुलाब, लिंबू, लवंग आणि निलगिरी, प्रत्येकी वीस-वीस सेकंद, आणि घेताना तो वास आठवायचा प्रयत्न करा. जर्मनीतल्या थॉमस हुमेल यांनी 2009 साली ही पद्धत मांडली, बारा आठवडे करायची, मी तर वर्षभर केली. लवंग थोडी आली. लिंबू आलं असं वाटायचं पण ते बहुतेक मी स्वतःला समजावत होते.

मग 2022 च्या डिसेंबरात आत्याकडे गेले. आत्या लग्न होऊन हळदोण्याला गेली त्याला चाळीसेक वर्षं होऊन गेली. मला झोप लागत नव्हती, सव्वाचारला उठून बसले होते, तर आत्या म्हणाली चल, अंगावर काहीतरी घे, पोदेराकडे जाऊन येऊ, तो सायकलवर येईपर्यंत कशाला थांबायचं. बाहेर मिट्ट काळोख, धुकं, माडांच्या झावळ्यांवरून दव टपटपत होतं, मी आत्याच्या टॉर्चच्या मागे मागे चालत होते. एका वळणावर अंगाला जरा ऊब लागली. आणि मी थांबले. मी आत्याला विचारलं, "इथे एवढ्या पहाटे भात कोण लावतंय?"

कारण मला आंबेमोहोर शिजल्याचा वास येत होता. अगदी स्वच्छ. वीस महिन्यांत पहिल्यांदा असा वास आला जो शोधायला लागला नाही, तोच आला आणि आत शिरला. आणि नुसता वास नाही आला हो, त्याच्याबरोबर पौडचं आमचं जुनं घर आलं, चुलीमागची काळी भिंत, पितळेचं तपेलं, त्यावर उपडी झाकणी आणि झाकणीवर ठेवलेलं पाणी, आजीचा हात, हातातल्या दोन बांगड्या. मी हळदोण्याच्या रस्त्यावर उभी होते आणि मला मुळशीतलं स्वयंपाकघर दिसत होतं. आत्या म्हणाली, "भात कुठला गं, उंडे काढतायत भट्टीतून." तरी मला पुढची पाच-दहा पावलं भातच वाटत होता. मग दार आलं, आत भट्टीचा लाल उजेड, आणि एका क्षणात तो भात पाव झाला. वास तोच, पण आता तो पाव होता. मी तिथे रडले. आतले लोक घाबरले, बेळगावकडचा एक पोरगा काम करतो तो म्हणाला, "ताई, धूर लागला काय डोळ्यात, बाहेर उभ्या राहा." आत्याने मला तसंच धरून ठेवलं.

पुण्याला आल्यावर मी हे नेटवर शोधलं, कारण मला वाटत होतं की माझं नाक अजून बिघडलेलंच आहे म्हणून पावाचा भात झाला. तर तसं नाहीये. पावाच्या भाजलेल्या सालीचा जो खास वास असतो त्यामागचा एक मुख्य रेणू आहे, टू-असिटाइल-वन-पायरोलीन असं त्याचं लांबलचक नाव. आणि बासमती, आंबेमोहोर अशा सुवासिक तांदळाचा जो वास असतो तो पण ह्याच रेणूचा. तोच. परसात लावतात आणि भातात घालतात ती बासमतीची पात, तिच्यात पण तोच. पावात तो भट्टीच्या धगीने तयार होतो, पिठातलं एक अमिनो आम्ल आणि साखर तापून एकमेकांशी जुळतात तेव्हा. तांदळात तो रोपातच बनतो, एक जनुक बिघडलेलं असतं म्हणून. आणि आपलं नाक ह्या रेणूला इतकं हळवं असतं की पाण्यात अब्जात एखादा भाग असला तरी पुरतो, खरं तर त्याहूनही कमी पुरतो. म्हणजे माझं नाक चुकलं नव्हतं, वीस महिने बंद असलेल्या नाकाने पहिलीच गोष्ट बरोबर ओळखली होती, फक्त तिला आपलं घरचं नाव दिलं होतं.

हे वाचलं त्या रात्री मला झोप लागली नाही, कारण ह्यात आजी येते.

आजीने जन्मात पाव खाल्ला नाही. घरात येऊ दिला नाही. बाबा लहान असताना कुणीतरी मुंबईहून येताना लादी पाव आणला तर तिने तो ओटीवरच ठेवायला लावला आणि नंतर ती जागा सारवून घेतली, ही गोष्ट आमच्याकडे अजून सांगतात. पाव म्हणजे बाटणं, हे तिच्या डोक्यात पक्कं होतं. आणि ते तिच्या एकटीच्या डोक्यात नव्हतं, विहिरीत पावाचा तुकडा टाकला आणि नकळत ते पाणी प्यालेलं अख्खं गाव बाटलं ही गोष्ट गोव्यापासून वसईपर्यंत सगळ्यांनी कुठे ना कुठे ऐकलेली असते. खाणाऱ्याला जातीबाहेर काढायला एक तुकडा पुरायचा. आणि म्हणूनच 1849 मध्ये मुंबईत दादोबा पांडुरंग वगैरे मंडळींनी परमहंस सभा काढली, ती गुप्त सभा होती, तर तिच्यात येणाऱ्याला जातपात मानत नाही हे दाखवायला ख्रिस्ती माणसाने केलेला पाव खायला लागायचा. विचार करा, पावाचा एक घास म्हणजे बंड. आज आपण सकाळी वडापाव खाऊन ऑफिसला जातो.

तर त्या आजीच्या तपेल्यातून रोज जो वास यायचा तो पावाचा होता. किंवा पावातून आजीच्या तपेल्याचा येतो, कसंही म्हणा.

मी हे आत्याला फोनवर सांगितलं. ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, तुला एक सांगू का, आई इथे माझ्या बाळंतपणाला आली होती ना, दोन महिने राहिली होती, तेव्हा पोदेराचा हॉर्न वाजला की हातातलं काम टाकून सोप्यावर येऊन बसायची. पाव घ्यायची नाही, हात लावायची नाही, मला घेऊ नको पण म्हणायची नाही. तो टोपलीवरचं फडकं बाजूला करायचा, मी पाव मोजून घ्यायचे, तो फडकं परत टाकायचा, की ही उठून आत जायची. मला वाटायचं माणूस बघायला येते, एकटी पडली असेल. हे आत्याने चाळीस वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं कारण त्यात सांगण्यासारखं काही आहे असं तिला वाटलंच नव्हतं.

असो. आता बेकरीकडे येते.

भट्टी जुनी आहे, घुमटासारखी, आतून काळीशार, तोंड एवढंच की एक ट्रे आडवा जाईल. ह्याला तिथे फोर्न म्हणतात, पोर्तुगीज शब्द आहे, पाव आणि पोदेर हे पण तिकडूनच आलेले. पोर्तुगीज 1510 मध्ये गोव्यात आले, त्यांना पाव लागायचा, जेवायला पण आणि चर्चमध्ये पण, आणि यीस्ट तर नव्हतं, म्हणून माडाची सूर, म्हणजे माडी, घालून पीठ आंबवायला लागले. आता सूर कुणी घालत नाही, निदान इथे तरी नाही, मी मालकीणबाईंना विचारलं. सगळे त्यांना आंटी म्हणतात, वय सत्तरीच्या पुढे असेल, पहाटे चारला खुर्ची टाकून दारात बसलेल्या असतात आणि प्रत्येक टोपलीत किती नग गेले ते वहीत लिहितात. त्या म्हणाल्या सासऱ्यांच्या वेळेस सूर होती, आता रेंदेर, म्हणजे माडावर चढून सूर काढणारे, मिळत नाहीत आणि मिळाले तर सूर फेणीला जाते. भट्टीच्या जमिनीखाली मीठ आणि काचेचे तुकडे घातलेत, त्याने धग टिकते, असं त्यांनी सांगितलं. रात्री लाकूड पेटवतात, भट्टी लाल झाली की निखारे एका बाजूला सारतात, ओल्या गोणपाटाने जमीन पुसून घेतात, चर्र असा आवाज येतो, आणि मग लांब दांड्याच्या लाकडी फावड्याने उंडे आत सोडतात. दहा-बारा मिनिटांत बाहेर. काढल्यावर दोन मिनिटं थांबा आणि कान द्या, सालीला तडे जाताना बारीक कुरकुर आवाज येतो. वास सगळ्यात जास्त त्याच वेळी सुटतो.

वासासाठी काय घ्यायचं हे पण सांगते, कारण सगळे जण पोई पोई करतात. पोई छान असते, कोंडा लावलेली, आतून पोकळ, खिशासारखी, तिच्यात काही पण भरा. पण वास हवा असेल तर उंडा घ्या किंवा कात्रे घ्या. कारण साधं आहे, पावाचा हा वास सालीत तयार होतो, आतला मऊ भाग पाण्यामुळे शंभर अंशाच्या वर तापतच नाही, साल मात्र दीडशेच्या पुढे जाते, आणि हा वास देणारी क्रिया, मायार नावाच्या फ्रेंच माणसाने 1912 मध्ये दाखवलेली, तिला तेवढी धग लागते. उंड्याला सगळीकडून कडक साल, कात्र्याला तर कापून पाकळ्या केलेल्या असतात म्हणजे कडाच कडा. मऊ चौकोनी पाव एकमेकांना चिकटून भाजतात, त्यांना वरूनच साल, म्हणून वास कमी. कांकणं पण मिळतात, बांगडीसारखी कडक, चहात बुडवायला मस्त, ती टिकतात पण त्यांचा वास वेगळा, जरा कोरडा.

आणि हा वास टिकत नाही. हा सगळ्यात महत्त्वाचा मुद्दा. तो रेणू भारी उडनछू आहे, काही तासांत सालीतला बराचसा निघून जातो. सकाळी घेतलेला उंडा दुपारी चवीला बरा असतो पण तो वास गेलेला असतो. म्हणून त्या हॉर्नची घाई. म्हणून दिवसातून दोनदा पोदेर दारात येतो, हे नुसतं कौतुकाचं नाहीये, त्याला कारण आहे.

ह्याच कारणाने तो वास बाटलीत पण नीट मावत नाही. मी प्रयत्न केला. पुण्यात आल्यावर रोज तो वास मिळावा म्हणून ऑनलाइन एक मेणबत्ती मागवली, 'ताज्या ब्रेडचा सुगंध' असं लिहिलेली, आठशे रुपयांची. कंपनीचं नाव घेत नाही. लावली तर व्हॅनिला आणि लोण्याचा वास, केकच्या दुकानात येतो तो. वाईट नव्हता, पण पाव नव्हता. भाजल्याचा, सालीचा, त्या किंचित करपटपणाचा मागमूस नाही. अशा मेणबत्त्या, रूम स्प्रे घेणार असाल तर माझं ऐका आणि पैसे वाचवा. वास पकडून ठेवायची हौस सगळ्या जगाला आहे म्हणा, फ्रान्सच्या टपाल खात्याने तर 2024 च्या मे महिन्यात बगेटचं तिकीट काढलं, खरवडलं की बेकरीचा वास येणारं, शाईत बारीक बारीक कुप्या घालून. वासासाठी एखादा देश एवढं करतो हे वाचून मला फार बरं वाटलं.

तिथल्या रांगेबद्दल पण लिहायचंय. पहाटे आठ-दहा माणसं असतात, सायकलवाले पोदेर धरून. मी आता सात-आठ वेळा गेलेय आणि दर वेळी हेच बघितलंय की तिथे कुणी कुणावर खेकसत नाही. एकदा एका आजोबांचे सुटे पैसे खाली पडले, तिघं जण वाकले. एकदा एका बाईला दोन पाव कमी पडले तर मागच्या माणसाने आपल्यातले दिले. मला आधी वाटलं गाव लहान, ओळखीचे सगळे, म्हणून असेल. पण 1997 मध्ये रॉबर्ट बॅरन ह्या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने मॉलमध्ये हेच करून बघितलं होतं, भाजलेल्या कुकीज आणि कॉफीचा वास येत होता अशा जागी लोक अनोळखी माणसाला पडलेलं पेन उचलून द्यायला किंवा सुटे द्यायला जास्त तयार होते, साध्या जागी कमी. मला त्याचं नवल वाटत नाही. डोळ्याकानांनी आलेली गोष्ट मेंदूत आधी एका चौकीवरून जाते, वास त्या चौकीवर थांबत नाही, तो नाकातून जवळजवळ थेट भावना आणि आठवणी जिथे असतात तिथे पोचतो. म्हणजे काय वाटतंय हे आधी ठरतं, कसला वास आहे ते नंतर कळतं. माझ्या बाबतीत तर आधी आजी आली आणि मग पाव आला.

मागच्या मे महिन्यात माझी नऊ वर्षांची भाची बरोबर होती, तिला पण पहाटे उठवून नेलं. परत येताना तिने रस्ताभर एक गोष्ट रचली. एक राज्य असतं, तिथे एकच भट्टी असते, आणि तिच्या वासाचे तीन नियम. पहिला वास आला की जो माणूस गेलाय तो दिसतो, पण बोलत नाही. दुसरा वास आला की ज्याच्याशी भांडण आहे तो लहान मुलासारखा दिसतो, म्हणून त्याच्यावर रागावता येत नाही. तिसरा वास फक्त भट्टीवाल्यांना येतो. मी विचारलं, त्यांना काय दिसतं? ती म्हणाली, त्यांना झोप दिसते, ते रात्रभर जागे असतात ना. मी तिला आजीबद्दल काहीच सांगितलेलं नव्हतं.

तिसरा नियम मला फार लागला. कारण खरंच, आपण वासाचं कौतुक करतो आणि तो करणारे रात्री दहाला कामाला लागतात. आत पिठाची धूळ, धूर, धग, बनियनवर पीठ आणि घाम. मी गेले तेव्हा चार जण होते, चौघंही कर्नाटकातले, आंटींची मुलं परदेशात, कुणी हे करणार नाही. मुंबईत तर 2025 च्या जानेवारीत हायकोर्टाने लाकूड-कोळशावरच्या बेकऱ्यांना सहा महिन्यांत गॅस किंवा दुसऱ्या स्वच्छ इंधनावर जायला सांगितलं, तेव्हा खूप जण म्हणाले की आता पावाची मजा गेली. मला ते पटत नाही. वास लाकडाच्या धुराचा नसतो, सालीचा असतो, वर सांगितलं ना. भट्टीची जमीन नीट तापली तर गॅसवर पण तो येणार. जुनी भट्टी बदलायला पैसा लागतो, तो ह्या लोकांकडे नाही, तो कुणीतरी द्यायला हवा, हा खरा प्रश्न आहे. धूर कमी झाला तर त्या चार पोरांच्या छातीला बरं, मला तेवढंच दिसतं.

आता जे आवडलं नाही ते. टोपलीवर निळं प्लास्टिक घालतात, त्याखाली पावाला घाम सुटतो आणि साल मऊ पडते, कापड घातलं तर किती छान होईल, मी आंटींना म्हटलं पण पावसात काय करणार म्हणाल्या, ते पण खरंय. एकदा पोई आतून कच्ची निघाली, पीठ दाताला चिकटत होतं, परत घेऊन गेले तर न बोलता बदलून दिली. रस्ता अरुंद आहे, गाडी आत घालू नका, चर्चकडे लावा आणि चालत या, तसंही चालत आलात तरच तो वळणावरचा वास मिळेल. आतले फोटो विचारल्याशिवाय काढू नका, लोक काम करत असतात. साडेसहाला जाऊन पाव संपला म्हणून चिडलेले पर्यटक मी बघितलेत, आंटी शांतपणे म्हणतात, "आतां ना गो बाय, सांजे यो."

घरी न्यायचा असेल तर प्लास्टिकच्या पिशवीत बांधू नका, कापडी पिशवी किंवा जुना पंचा न्या आणि गरम असताना तोंड उघडं ठेवा. मी म्हापशाहून रात्रीच्या बसने पुण्याला येते तेव्हा दुपारच्या भट्टीतले वीस उंडे पंचात बांधून मांडीवर घेते, डिकीत टाकत नाही. फ्रिजमध्ये तर मुळीच ठेवू नका, फ्रिजमध्ये पाव लवकर शिळा होतो, बाहेरच ठेवा आणि दुसऱ्या दिवशी खाऊन टाका. गरम करायची पद्धत आत्याची: उंड्यावर पाण्याचा हात फिरवायचा, जाड तवा आधी चांगला तापवून मग गॅस बारीक, उंडा ठेवायचा, वर पातेलं उपडं घालायचं, दोन-तीन मिनिटं, मग पातेलं काढून दोन्हीकडून साल परत कडक होऊ द्यायची. पहाटेचा वास पूर्ण परत येत नाही पण थोडा येतो, चार आण्यांइतका तरी.

मागच्या वेळी असंच पुण्यात आल्या आल्या सकाळी सातला तव्यावर उंडा ठेवला, पातेलं उचललं, आणि बाबा हॉलमधून म्हणाले, "एवढ्या सकाळी भात लावलास का गं?"

मी म्हटलं नाही, उंडा गरम करतेय. ते पेपर ठेवून आत आले आणि गॅसजवळ येऊन उभे राहिले.